नाववालीचे केस

आमच्या गल्लीत रंगीत टीव्ही येईपर्यंत नाववालीचे केस काळे होते. त्यावर कधी वाद झाला नव्हता. मुलीचे केस काळेच असतात, त्यात विचारायचं काय? टीव्हीच्या काचेवर ते राखाडी दिसायचे, पण त्या काचेवर झाडं, समुद्र, पुढारी आणि साबणाच्या जाहिरातीतल्या बाया सगळेच राखाडी दिसायचे, आणि ज्याने त्याने आपापल्या समजुतीप्रमाणे रंग भरून घ्यायचे. नाववालीचा मफलर केशरी आहे हे आम्ही मुलींनी एकदा ओट्यावर बसून ठरवून टाकलं होतं. मालिकेचं खरं नाव लांबलचक होतं, ते कुणी घेत नसे. एक अनाथ मुलगी, तिचा खादाड पाणकावळा आणि वाऱ्यावर चालणारी होडी. समुद्रात बुडालेल्या गावांच्या घंटा शोधत ती बेटाबेटांवर हिंडायची. कार्टून जपानचं आहे हेसुद्धा आम्हाला पुष्कळ उशिरा कळलं. ती हिंदी बोलायची, शिडात वारा भरला की “हवा आ गई, चलो!” असं ओरडायची, आणि आमच्यासाठी ती इंदूरचीच होती. लाइट जाऊन परत आली की सगळी गल्ली एका सुरात तेच ओरडायची, त्यात आमचे बाबाही असत.

बाबांची रविवारची ड्युटी गच्चीवर असे. मालिका सुरू व्हायच्या आधी ते अँटेनाचा दांडा धरून उभे राहायचे, मी जिन्याच्या मधल्या पायरीवर, आणि आई खाली टीव्हीसमोर. “आलं का?” बाबा वरून विचारायचे. “आलं का?” मी मधून ओरडायची. “मुंग्या येऊन राहिल्या!” आई खालून. मग समोरच्या गच्चीवरून कुणीतरी न विचारता सल्ला द्यायचं, “भिया, थोड़ा राजवाड़े की तरफ घुमाओ!” आणि खरंच तिकडे फिरवलं की चित्र यायचं. टीव्ही लाकडी शटरचा होता. शटर सरकवल्याचा खडखडाट ऐकला की शेजारची मुन्नी आपल्या दोन्ही बहिणींना घेऊन चपला काढायचीसुद्धा विसरून आत शिरायची. आतून पोह्यांचा वास येत असे. आमच्याकडे पोहे निम्मे मराठी निम्मे इंदुरी: फोडणी आजीच्या पद्धतीची, पण नंतर झाकण घालून वाफेवर चांगले मऊ केलेले, वर बारीक शेव आणि जिरावण मसाला. जिलबी बाबा गच्चीवरून उतरल्यावर आणायचे, म्हणजे मालिका अर्धी झाल्यावर, आणि ती आल्यावर पाच मिनिटं समुद्रावर काय चाललंय याकडे कुणाचंच लक्ष नसे.

गल्लीतली चित्रकार मी होते. हे मी मिरवत नव्हते, ते ठरलेलंच होतं. कुणाच्या घरी लग्न निघालं की दारावरचा गणपती काढायला मला बोलावणं यायचं. पाटीवर नाववाली काढून द्या म्हणून लहान पोरी माझ्या मागे असायच्या आणि मी भाव खात खात काढून द्यायची. होडीचं शीड एका रेघेत, पाणकावळ्याची मान एका रेघेत. सगळे वा वा करायचे, एक आई सोडून. आई मुलींच्या शाळेत शिवण शिकवायची. टाका उसवलेला तिला लांबून दिसे, आणि नीट आलेला टाका तिच्या मते बोलण्याचा विषयच नसे. माझं चित्र हातात घेऊन ती खिडकीशी जायची, बघायची आणि म्हणायची, “ठीक आहे. डावा हात जरा आखूड झालाय.” तो आखूड झालेला असायचाही. पण मला त्या वयात हाताची लांबी नको होती. आईच्या तोंडून एकदा “वा” हवं होतं. ते मिळालं तर बाकीच्या गल्लीचं कौतुक मी परत करायला तयार होते.

त्या उन्हाळ्यात समोरच्या घराच्या वरच्या मजल्यावर पुण्याहून एक कुटुंब राहायला आलं. वडील पीथमपूरच्या कुठल्याशा कारखान्यात इंजिनिअर, आणि त्यांची केतकी माझ्याच वयाची, पाचवी सहावीतली. त्यांचं मराठी वर्तमानपत्रातल्यासारखं होतं. आमच्या घरात “चाय पिऊन घे”, “थैली कुठे ठेवून दिली” असं चालायचं. ती म्हणायची “पिशवी”. मुन्नीला हिंदीत काही सांगताना ती इतकी अडखळायची की आम्ही हसायचो, आणि तीही आमच्याबरोबर हसायची, हे मला जास्त खुपायचं. हसणाऱ्या माणसाला हसण्यात काय मजा? त्यांच्या सामानातून टीव्ही उतरला तेव्हा हमालांना “सावकाश, रंगीत आहे” असं तिच्या आईने सांगितलेलं सगळ्या गल्लीने ऐकलं. पुढे पावसाळ्यात एकदा ओट्यावर मी पाटीवर नाववाली काढत होते, केस खडूने गच्च भरून झाले होते, आणि केतकी वाकून बघत सहज म्हणाली, “किती छान काढतेस गं! पण तिचे केस हिरवे आहेत.”

मी म्हटलं, “केस कधी हिरवे असतात का?”

“तिचे आहेत. गडद हिरवे. कडुलिंबासारखे.”

“तू झूठ बोलून राहिलीस.”

“ये ना मग रविवारी. बघ.”

मी गेले नाही. मुन्नी गेली. तिच्या बहिणी गेल्या, कोपऱ्यावरच्या तिघी गेल्या, आणि त्या रविवारी आमच्या घरी बाबा गच्चीवर, मी जिन्यात, आई खाली अशी फक्त तीन माणसं उरली. शटरच्या खडखडाटाला कुणी आलं नाही. मी मांडी घालून एकटीच समोर बसले आणि राखाडी केसांकडे डोळे फाडून पाहत राहिले, जणू नुसतं पाहून ते काळे सिद्ध होणार होते. मालिका मध्यावर आली असेल, आईने गॅस बारीक केला, पदराला हात पुसले आणि म्हणाली, “जरा बघून येते गं. काय आहे तरी काय ते.” माझी आई! जी कुणाच्या घरी बोलावल्याशिवाय हळदीकुंकवालाही जायची नाही! ती रस्ता ओलांडून त्या जिन्याने वर गेली आणि मालिका संपल्यावरच उतरली. “हिरवेच आहेत गं,” तिने सांगितलं आणि पोह्यांवरचं झाकण काढलं. मागून मुन्नी आली, तिचा चेहरा फुललेला. “एकदम हरे! और समंदर तो क्या दिखता है! वो न्यूज वाली आंटी भी थोड़ी हरी-हरी दिखती है।” बातम्या देणारी बाई हिरवट का दिसावी, हे आमच्यापैकी एकालाही विचारावंसं वाटलं नाही. रंगीत टीव्ही सगळ्यांनी पहिल्यांदाच पाहिलेला. रंगीत म्हणजे असंच असणार, असं सगळ्यांनी धरून चाललं. मला तर ते डोक्यातही आलं नाही. मला फक्त आई तिकडे गेली एवढंच दिसत होतं.

माझी खरी आशा संजावर होती. पितृपक्षात माळव्यातल्या मुली संजा मांडतात. भिंतीवर शेणाने चित्र काढायचं, त्यावर फुलांच्या पाकळ्या चिकटवायच्या, संध्याकाळी आरती, गाणी आणि झाकून आणलेला प्रसाद ओळखायचा खेळ. दुसऱ्या दिवशी ते खरवडून नवं चित्र. एका तिथीला सोंगट्यांचा चौपट, एका तिथीला सातिया म्हणजे स्वस्तिक, अष्टमीला आठ पाकळ्यांचं फूल, आणि शेवटी किलाकोट: भिंतभर मोठा कोट, त्याच्या आत चंद्र, सूर्य, बैलगाडी, जाडी जसोदा आणि पतली पेमा या गाण्यांतल्या दोघी बाया, आणि मुलींना जे जे आवडेल ते. आम्ही इंदूरची मराठी माणसं भोंडलाही करतो आणि संजाही मांडतो, त्यात आम्हाला काही वावगं वाटत नाही. केतकीच्या आईला मात्र धक्का बसला होता. “पितृपंधरवड्यात कसला गं सण?” तिने माझ्या आईला विचारलं. आई म्हणाली, “इथे असंच आहे. पोरी आनंदात असल्या की पितर काय नाराज होतात थोडेच!” आमच्या गल्लीची संजा मुन्नीच्या आईच्या, रामकन्याबाईंच्या भिंतीवर असे. भिंत त्यांची, गाय त्यांची, म्हणजे शेणही त्यांचंच, आणि शेवटचा शब्दही. किलाकोट दर वर्षी मी आखायची. या वर्षी कोटाच्या माथ्यावर होडी आणि होडीत नाववाली काढायची हे माझं कधीच ठरलं होतं. केसांना पाकळी लावायची नाही, शेण तसंच उघडं ठेवायचं, वाळून गडद होईल, मफलरला झेंडू. आणि आई आरतीला येईल तेव्हा तिला ते पहिल्यांदा दिसेल.

किलाकोटाच्या दिवशी दुपारपासून मी शेण थापत होते. कोट सरळ आला, चारही बुरूज आले, बैलगाडी अशी आली की मुन्नीच्या धाकट्या बहिणीने बैलांना चारा दाखवला. केतकी पहिल्या दिवशी नाक धरून लांब उभी होती, पण एव्हाना तीही कोपरापर्यंत हात बरबटून घ्यायला शिकली होती. मी माथ्यावर होडी थापली आणि नाववालीला हात घालणार, तोच कोपऱ्यावरच्या मुली म्हणाल्या, “केस हिरवे हवेत.” मी म्हटलं, काळे. त्या म्हणाल्या, आम्ही पाहिलेत. मी म्हटलं, संजा दर वर्षी मी मांडते. आवाज वाढले तशा रामकन्याबाई बाहेर आल्या. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. “लड़ो मत, छोरी होन,” त्या म्हणाल्या, “जिने देख्यो हे, वा मांडेगा.” ज्या मुलीने पाहिलंय तिने काढावं. यात अन्याय कुठे होता, सांगा? त्यांनी मला विचारलं, “थने देख्यो?” मी नाही म्हणून मान हलवली. पाहिलं असतं तर कदाचित माझीच निवड झाली असती, पण मी रागाने घरी बसले होते. केतकीने माझ्याकडे पाहिलं, “मी करू ना?” असं विचारलं, आणि मी तोंड फिरवलं तेव्हा तिने शेणाचा गोळा उचलला.

मला वाटलं होतं, बिघडेल. देवाची शपथ, मी मनातल्या मनात तेवढ्या वेळात सगळ्या देवांना विनवलं. पण बिघडलं नाही. तिने नाववाली समोर तोंड करून काढलीच नाही. माझी नाववाली नेहमी समोर बघायची, फोटोला उभी असल्यासारखी. केतकीची पाठमोरी होती, दूर कुठेतरी बघणारी, आणि तिची वेणी वाऱ्यावर मागे, थेट कोटाच्या बुरुजावरून खाली उतरत होती. त्या वेणीत तिने कडुलिंबाची पानं एकावर एक अशी रचली, देठ आत, टोकं बाहेर, की बघणाऱ्याला वाटावं वारा चालू आहे. मी शेजारी उभी राहून पाहत होते. रंगीत टीव्हीचा हेवा वेगळा. तो टीव्ही माझ्या बाबांनी कधीतरी आणला असता. हा हात कोण आणून देणार होतं? सगळ्यांच्या आधी, एवढ्या स्पष्टपणे मला कळलं होतं की ही माझ्याहून चांगली काढते. ते कळायला मला कुणाची गरज लागली नाही, कारण मलाच चित्रातलं कळत होतं. काही न कळणाऱ्या बाईला निदान हे दुःख नसतं.

दिवे लागले. आई आरतीला आली, तिच्याबरोबर प्रसादाचं झाकलेलं भांडं. भिंतीसमोर ती थबकली. खालपासून वरपर्यंत कोट पाहिला, बुरूज पाहिले, गाडी पाहिली, काही बोलली नाही, मग नजर वर गेली आणि आई म्हणाली, “अगं बाई! किती सुरेख!” मोठ्याने. सगळ्यांसमोर. भांडं मुन्नीच्या हातात देऊन तिने केतकीच्या गालाला हात लावला, शेणाने माखलेल्या गालाला, आणि परत म्हणाली, “किती सुरेख काढलीस गं!” आरती झाली, गाणी झाली. प्रसाद काय आहे ते मला माहीत होतं, आमच्याच घरचा होता, गुळपापडी. पण ओळखायच्या वेळी मी तोंड उघडलं नाही.

आता हे सगळं लिहावंसं का वाटलं, तर नाववाली परत आली आहे. परत काय, ती गेलीच नव्हती, आमचंच लक्ष नव्हतं. माझ्या वयाचे, टक्कल पडलेले, पोट सुटलेले बँकवाले लग्नाच्या पंगतीत तिचं हिंदी शीर्षकगीत सगळ्या कडव्यांसह म्हणतात आणि डोळे पुसतात. इथे भंवरकुआं चौकात कोचिंग क्लासच्या गर्दीत प्रत्येक चौथ्या पोराच्या टी-शर्टवर ती असते, नुसत्या काळ्या रेघांत, खाली “हवा आ गई, चलो”. ही पोरं तिच्यानंतर कितीतरी वर्षांनी जन्मली. माझी भाची, चुलत बहिणीची मुलगी, तिला जपानी नावाने हाक मारते, मी नाववाली म्हटलं की कपाळाला हात लावते, “मौसी, प्लीज.” आणि केतकी? तिचे वडील दोन वर्षांनी बदली होऊन परत गेले. ती आज मुलांच्या पुस्तकांची मोठी चित्रकार आहे, पुण्यात असते. हिरव्या केसांची, पाठमोरी मुलगी ही तिची ओळख. परदेशात तिच्या चित्रांची प्रदर्शनं लागतात. एका मुलाखतीत तिने सांगितलं की हे सगळं लहानपणी इंदूरच्या एका भिंतीवर सुरू झालं. भिंतीचा उल्लेख होता, शेणाचा होता, रामकन्याबाईंचाही होता. कोट कुणी थापला होता याचा नव्हता. मी ती मुलाखत दोनदा वाचली, दुसऱ्यांदा चष्मा पुसून.

गेल्या महिन्यात ती मालिका नव्याने स्वच्छ करून, मूळ रंगांत, इथल्या एका मॉलमधल्या थिएटरात दाखवली. भाचीने मला ओढत नेलं. सगळीकडे मफलर घातलेल्या, विग लावलेल्या पोरी होत्या. त्यांचे विग पाहूनच मला शंका यायला हवी होती. अंधार झाला, एवढा मोठा समुद्र मी कधी पाहिला नव्हता, आणि होडीत ती उभी होती. केस तपकिरी. हिरवे नाहीत, काळेही नाहीत, स्वच्छ तपकिरी. वाळलेल्या शेणाच्या रंगाचे. मी भाचीचा हात इतक्या जोरात धरला की ती ओरडली. नंतर तिनेच सांगितलं की जुन्या रंगीत टीव्हीत लाल रंग मेला की तपकिरी वस्तू हिरवी दिसते. म्हणजे त्यांचा टीव्ही बिघडलेला होता! बातम्यांतली बाई त्याचसाठी हिरवट होती! मी भिंतीवर शेण उघडं ठेवलं असतं तर अख्ख्या इंदुरात एकटी मी बरोबर ठरले असते, न बघता. मला हसू आलं, मग आनंद झाला, मग इतका आनंद झाला की माझीच मला लाज वाटली. कधी एकदा घरी जाते आणि सांगते असं झालं होतं.

आई आता माझ्याकडेच असते. ऐंशीच्या पुढची आहे, ऐकू कमी येतं, पण नजर अजून शाबूत. ती पलंगावर बसून वाती वळत होती. मी चपला काढता काढताच सांगितलं, “आई, नाववालीचे केस हिरवे नव्हते. तपकिरी होते. केतकीचा टीव्ही खराब होता.”

“कुणाचा?”

“केतकीचा! समोरची, पुण्याची. किलाकोटावर हिरवी वेणी काढली होती ना तिने?”

आईचा चेहरा उजळला. “हो गं. कडुलिंबाच्या पानांची. काय सुरेख दिसत होती!” आणि परत वातीकडे वळली. तपकिरी तिने ऐकलं की नाही कोण जाणे. ऐकलं असतं तरी तिला त्याचं काही नव्हतं.

मी पलंगाशी जाऊन बसले आणि या वयात विचारू नये ते विचारलं. “आई, त्या भिंतीवरचा कोट माझा होता. अख्खा. बुरूज, बैल, सगळं. तू त्याला काहीच म्हणाली नाहीस.”

“तुझा तर चांगला होताच,” आई म्हणाली. “दर वर्षी असायचा. त्यात काय म्हणायचं?” वात तिने तबकात ठेवली. “तू सारखी माझ्याकडे बघून राहायचीस, मला कळत नव्हतं का? पण आपल्या पोरीचं आपणच काय सांगायचं चार लोकांत. तिचं वेगळं. ती बिचारी नवीन होती, भाषा येत नव्हती, तिला इथे कोण होतं?”

हे ऐकून माझं मन भरायला हवं होतं, असं चांगल्या पुस्तकांत होतं. माझं भरलं नाही. केतकीला ते न मागता मिळालं, भर गल्लीत, दिव्यांच्या उजेडात, गालावर हात फिरवून. मला मिळालं ते बंद खोलीत, माझेही केस पांढरे झाल्यावर, आणि तेही मागून घ्यावं लागलं.